शॉर्टफिल्ममधला ताण कुठून येतो? झाव्हिए लग्राँकडून काय घेता येईल

तुमचा प्रश्न मी असा वाचला: बावीस मिनिटांची शॉर्टफिल्म आहे. रात्रीची वेळ, फ्लॅटमध्ये एकटी बाई, मारकुटा नवरा घरी परतायच्या बेतात. रफ कट, म्हणजे कच्चं संकलन, मित्रांना दाखवलात तर ते म्हणाले, 'म्युझिक भारी, लूक भारी.' भीती मात्र कुणालाच वाटली नाही. म्हणून तुम्हाला असा एखादा फ्रेंच दिग्दर्शक हवाय, ज्याच्या लघुपटात जीव घुसमटतो. शिवाय लेन्स कुठली, लाइट कसा, म्युझिक किती, हेही हवंय.

आधी नाव सांगून टाकतो: झाव्हिए लग्राँ. त्याची 'आव्हाँ क द तू पेर्द्र' ही तीस मिनिटांची फिल्म पाहा. 2013 ची आहे. इंग्रजीत 'जस्ट बिफोर लूझिंग एव्हरीथिंग' या नावाने सापडेल. विषय तुमच्या विषयाला अगदी खेटून आहे: मारणारा नवरा आणि त्याच्या तावडीतून निघू पाहणारी बायको. लेन्सचं शेवटी बोलू, कारण माझ्या मते तुमची अडचण तिथे नाहीच.

तुमची फिल्म मी पाहिलेली नाही, तेव्हा हे अंदाजाने बोलतोय. पण संकलक म्हणून अशा फिल्म्स माझ्याकडे कायम येतात आणि बहुतेकींचं दुखणं एकच असतं. बाई घाबरलेली आहे हे पहिल्याच शॉटमध्ये कळतं. ती आता नेमकं काय करणार आहे, ते किती वाजायच्या आत उरकायला हवं आणि मध्ये कोण कडमडू शकतं, यातलं काहीच कळत नाही. ती खिडकीशी जाते, परत येते, घड्याळ बघते, पाणी पिते. ती घाबरते आणि आपण तिच्याकडे बघतो, यापलीकडे प्रेक्षकाला कामच उरत नाही. मग दिग्दर्शक म्हणतो, इथे खर्जातला एखादा घुमारा टाकू या. तो टाकला की सीन भरल्यासारखा वाटतो आणि मूळचा दोष झाकला जातो. मित्रांनी आधी म्युझिकचं कौतुक केलं, तिथेच मला शंका आली.

लग्राँ मुळात नट. 1979 चा जन्म, पॅरिसच्या राष्ट्रीय नाट्यविद्यालयात शिकलेला. लहानपणी फ्रेंच दिग्दर्शक लुई मालच्या 1987 सालच्या 'ओ रव्हुआर लेझाँफाँ'मध्येही दिसला होता. दिग्दर्शक म्हणून ही त्याची पहिलीच फिल्म. तिला क्लेर्माँ-फेराँ या फ्रान्समधल्या लघुपट महोत्सवात राष्ट्रीय स्पर्धेचा ग्राँ प्री, म्हणजे पहिला पुरस्कार मिळाला, 2014 मध्ये सर्वोत्तम लघुपटाचा सेझार (फ्रेंच सिनेमाचा राष्ट्रीय पुरस्कार) मिळाला, त्याच वर्षी ऑस्करचं नामांकनही. पुरस्कारांचं एवढं पुरे.

आता फिल्मकडे. सुरुवातीला दहा वर्षांचा एक मुलगा शाळेत निघाल्यासारखं दाखवतो आणि एका पुलाखाली जाऊन लपतो. का लपला? कुणी सांगत नाही. मग बसथांब्यावर एक किशोरवयीन मुलगी बसलेली दिसते, रडतेय. एक बाई गाडी घेऊन येते, दोघांना उचलते आणि एका हायपरमार्केटच्या पार्किंगमध्ये आणते. डिकीतून कचऱ्याची एक भलीमोठी काळी पिशवी बाहेर निघते आणि तिघं जवळजवळ धावतच आत शिरतात. इतका वेळ ही माणसं एकमेकांची कोण, कुणापासून पळताहेत, हे एका वाक्यानेही सांगितलेलं नाही. सांगितलेलं असतं तर आपण सहानुभूती दाखवून मोकळे झालो असतो. सांगितलेलं नाही म्हणून आपण प्रत्येक हालचालीतून काहीतरी काढायचा प्रयत्न करत राहतो. मुलाचं खोटं, मुलीचे डोळे, आईची घाई, ती पिशवी. ताण तिथूनच चढायला लागतो, आणि पडद्यावर तेव्हा लख्ख दिवस असतो.

त्या पिशवीकडे जरा नीट बघा. घर सोडताना माणूस सूटकेस भरतो. जिला सूटकेस हातात घेऊन घराबाहेर पडताच येणार नाही, ती कचऱ्याच्या पिशवीत कपडे भरते. नवरा कसा आहे, घरावर किती पहारा आहे, हा बेत किती दिवस मनात असेल, हे सगळं एका वस्तूतून कळतं, तेही नंतर, उलगडा झाल्यावर मागे वळून. तुमच्या प्रश्नात तुम्ही लिहिलंय की सुरुवातीला दोन मिनिटांचा फ्लॅशबॅक आहे, नवरा पहिल्यांदा हात उगारतो तो. माझा सल्ला: तो काढा. सीन वाईट असेल म्हणून नव्हे. तो प्रेक्षकाच्या वाटचं काम आधीच करून टाकतो म्हणून. त्याऐवजी तुमच्या नायिकेची 'पिशवी' शोधा. डाळीच्या डब्यात ठेवलेल्या नोटा, शेजारणीकडे आधीच नेऊन ठेवलेली कागदपत्रं, मुलीच्या दप्तरात वह्यांच्या जागी कपडे. यातलं काही वापराच असं नाही, पण वस्तू अशी हवी की ती फक्त अशाच घरात सापडेल.

मग हायपरमार्केट. मिरियाम, म्हणजे ही बाई, तिथे नोकरीला आहे. घुसमट दाखवायची तर आपण अंधार शोधतो, अरुंद बोळ शोधतो. लग्राँ आपल्याला ट्यूबलाइटच्या पांढऱ्या उजेडात नेतो, जिथे गिऱ्हाइकांच्या ट्रॉल्या फिरताहेत. मला विचाराल तर या फिल्ममधला सगळ्यात हुशार निर्णय हाच. अशा जागेला दोन बाजू असतात: गिऱ्हाइकांना दिसते ती, आणि दरवाजामागची, जिथे कर्मचाऱ्यांची कपडे बदलायची खोली, लॉकर, ऑफिस असतं. प्रत्येक दरवाजा म्हणजे एक प्रश्न: पलीकडे कोण उभं असेल? शिवाय हे तिचं कामाचं ठिकाण. इथे तिला सगळे ओळखतात, म्हणजे लपायला जागा आहे आणि लपणं अशक्यही आहे.

यापुढे ती फिल्म जे करते ते कागदावर अगदी नीरस वाटेल. मिरियामला वरिष्ठांशी बोलायचंय, कारण नोकरी अशी एका दिवसात सोडून जाता येत नाही. निरोप द्यायचेत, फोन करायचेत, मुलांना कुठेतरी बसवायचंय, न्यायला येणाऱ्या माणसाची वाट पाहायचीय. सगळी ऑफिसची, रोजची कामं. पण तिला आज, आत्ता निघायचंय, आणि प्रत्येक कामाला दुसऱ्या कुणाची तरी होकाराची मान लागते. सहकारी चांगले आहेत, मदत करतात. तरी जितक्या जणांना कळलं तितक्या ठिकाणांहून बातमी फुटू शकते, हे आपल्याला कुणी न सांगता कळतं. आपण चांगल्या माणसांनाही घाबरायला लागतो. दुष्ट माणसाची भीती दाखवणं सोपं. मदत करणाऱ्याच्या तोंडून चुकून काही निघेल ही भीती कसलेला पटकथाकारच उभी करू शकतो.

आणि मग नवरा येतो. आंत्वान. दनी मेनोशे हा नट धिप्पाड आहे, पण तो पडद्यावर आरडाओरडा करत शिरत नाही. दुकानात कुणीही येतं तसा येतो. कपाळावर आठ्या नाहीत, लाल डोळे नाहीत. मिरियामला काही झालंच नाही असं दाखवून त्याच्यासमोर उभं राहावं लागतं. मिरियाम झालेल्या लेआ द्रुकेरचा अभिनय इथे थांबत थांबत पाहा: ती भीती दाखवत नाही, भीती लपवण्याचं काम करते. तुमच्या नटीला तुम्ही बहुधा 'घाबर' असं सांगितलं असेल. पुढच्या वेळी 'कुणालाही कळू देऊ नकोस' असं सांगून एक टेक घ्या. दोन्ही टेक शेजारी ठेवले की कुठला कटमध्ये जाईल ते सांगायला संकलक लागणार नाही.

मारहाण फिल्ममध्ये दिसत नाही. दिसतात त्या तिच्या अंगावरच्या खुणा, त्याही ओझरत्या. तुमच्याकडे थप्पड दाखवायची की नाही यावर वाद चालू असेल तर माझं मत न दाखवण्याकडे. पण हे परिस्थितीवर अवलंबून आहे. लग्राँची गोष्ट पळून जाण्याच्या दिवसाची आहे, त्या दिवशी हात उगारला जात नाही, म्हणून न दाखवणं सहज जमतं. तुमची गोष्ट तो घरी येतो त्या रात्रीची असेल तर कॅमेरा ऐन वेळी वळवणं हा लबाडपणा वाटू शकतो. हे तुम्ही ठरवा.

आता आवाज. या फिल्ममध्ये पार्श्वसंगीत नाही. हे वाचून लगेच स्वतःच्या टाइमलाइनवरून म्युझिकचा ट्रॅक उडवू नका. म्हणजे उडवा, पण नुसतं तेवढं करून भागणार नाही. संगीत काढलं की खाली जे उरतं ते टिकाऊ हवं. आपल्याकडे पुष्कळदा खाली काहीच नसतं: संवाद कॉलर माइकवर घेतलेले, बाकी पंख्याची घरघर आणि रस्त्यावरचे हॉर्न. म्हणून म्युझिक हे गोधडीसारखं वरून पांघरलं जातं. लोकेशनवर सिंक साउंड, म्हणजे शूटिंगच्या वेळीच घेतलेला आवाज, नीट मिळत नसेल, रेकॉर्डिस्टसाठी पैसे नसतील, तर निदान शूटिंग संपल्यावर एक रात्र त्याच फ्लॅटमध्ये रेकॉर्डर घेऊन बसा. रिकाम्या खोलीचा आवाज घ्या, लिफ्टचा घ्या, पार्किंगमध्ये गाडी लागते त्याचा, जिन्यातल्या चपलांचा, कडीचा. नंतर लायब्ररीतून उचललेली कडी आणि त्याच दाराची कडी यांतला फरक प्रेक्षकाला सांगता येत नाही, पण कानाला कळतो.

आणि आवाज आधी शिकवावा लागतो. याचा धडा लग्राँच्या पुढच्या फिल्ममध्ये मिळेल. त्याच कुटुंबाची गोष्ट त्याने 'ज्युस्का ला गार्द' या पूर्ण लांबीच्या चित्रपटात पुढे नेली (इंग्रजी नाव 'कस्टडी'). द्रुकेर आणि मेनोशे तेच, मुलीच्या भूमिकेतली मातिल्द ओनव्होसुद्धा तीच. मुलगा मात्र नवा, तोमा जिओरिया. 2017 मध्ये व्हेनिस महोत्सवात दिग्दर्शनाचा रौप्य सिंह, 2019 मध्ये सर्वोत्तम चित्रपटाचा सेझार. यात मुलाला पंधरवड्यातून एक शनिवार-रविवार बापाकडे जावं लागतं. बापाच्या गाडीत सीटबेल्ट लावला नाही की वाजणारी ती पिपाणी असते ना, तेवढ्या साध्या आवाजावर लग्राँ गाडीतल्या प्रवासाचा ताण उभा करतो. गाडी विकणाऱ्या कंपनीने दिलेला, सुरक्षेसाठी असलेला आवाज. शेवटच्या भागात इमारतीच्या दारावरची बेल आणि लिफ्ट यांचंही तेच. तोवर आपले कान इतके तयार झालेले असतात की अंधाऱ्या खोलीत फक्त लिफ्ट वर येतेय एवढंच ऐकू आलं तरी पुरतं.

तुमच्या फिल्मसाठी याचा सरळ अर्थ असा. नवरा येणार हे ज्या आवाजावरून कळणार असेल, समजा त्याच्या बाइकचा, तर तो आवाज आधी एकदा निरुपद्रवी म्हणून ऐकवा. शेजाऱ्याची तशीच बाइक येते, नायिका थबकते, गाडी पुढे निघून जाते. एवढं झालं की दुसऱ्यांदा तुम्हाला काहीही करावं लागणार नाही.

त्याच चित्रपटात एक पार्टीचा प्रसंग आहे. मुलगी स्टेजवर गातेय, गाणं मोठ्याने वाजतंय, आणि गर्दीत मोठ्या माणसांची काहीतरी कुजबुज, धावपळ सुरू होते. शब्द ऐकू येत नाहीत. कोण कुणाच्या कानाशी लागलं, कोण दाराकडे गेलं, एवढ्यावरून आपल्याला कळतं काय झालंय ते. संवाद न ऐकवता माहिती कशी द्यायची याचा हा उत्तम नमुना. संकलन योर्गोस लाम्प्रिनोसचं आहे, त्यासाठी त्यालाही सेझार मिळाला. मी शिकवताना हा प्रसंग आधी आवाज बंद करून दाखवतो, मग आवाजासह.

थोडक्यात, आतापर्यंत तीन गोष्टी झाल्या: माहिती उशिरा आणि वस्तूंमधून द्या; भीतीऐवजी काम आणि वेळ द्या; आवाज आधी पेरून ठेवा. आता जे तुमच्या हातात नाही त्याकडे येतो.

तीस मिनिटं ही लांबी फ्रान्समध्ये परवडते, कारण तिथे लघुपट हा स्वतंत्र धंदा नसला तरी स्वतंत्र व्यवस्था नक्कीच आहे. एक तासाच्या आतलं सगळं तिथे लघुपटात मोडतं. राष्ट्रीय चित्रपट केंद्राकडून, प्रदेशांकडून अनुदान मिळतं. सिनेमाच्या प्रत्येक तिकिटावर 10.72 टक्के कर असतो आणि तो पैसा या केंद्रामार्फत पुन्हा सिनेमातच फिरतो. वाहिन्या लघुपट विकत घेतात, क्लेर्माँ-फेराँला त्यांचा बाजार भरतो. आपल्याकडे तुम्ही बहुतेक स्वतःच्या, नाहीतर मित्रांच्या पैशांत फिल्म करताय. तेव्हा लांबी कुठे पाठवणार यावर ठरवा. फ्रान्समधल्या कान महोत्सवाच्या लघुपट स्पर्धेला पंधरा मिनिटांची मर्यादा आहे, ऑस्करला चाळीसची. तुमची बावीस मिनिटं कानसाठी जास्त आहेत. फ्लॅशबॅक गेला, खिडकीच्या फेऱ्या गेल्या, की सोळा-सतरावर याल असा माझा अंदाज; त्यापुढे आणखी कापायचं का, ते महोत्सवासाठी की गोष्टीसाठी, याचा विचार करा. महोत्सवासाठी कापलेली फिल्म मला पाहताना लगेच ओळखू येते. श्वास घ्यायच्या जागा गेलेल्या असतात.

दुसरी गोष्ट संशोधनाची. पूर्ण चित्रपटाच्या तयारीसाठी लग्राँ कौटुंबिक न्यायालयाच्या न्यायाधीशांसोबत बसला, पोलिसांशी, मार खाल्लेल्या बायकांशी बोलला. चित्रपटाची सुरुवातच न्यायाधीशांसमोरच्या लांबलचक सुनावणीने होते. दोन्ही वकील बोलतात, मुलाचं पत्र वाचलं जातं, आणि खरं कोण बोलतंय हे आपल्यालाही ठरवता येत नाही. हे घरात बसून लिहिता येत नाही. आपल्याकडे 2005 चा कौटुंबिक हिंसाचारविरोधी कायदा आहे, त्याखाली जिल्ह्याजिल्ह्यात संरक्षण अधिकारी असतात. त्यांच्यापैकी कुणाशी किंवा समुपदेशन केंद्रातल्या एखाद्या ताईंशी तासभर बोला. बाई घर सोडते त्या दिवशी बरोबर काय काय नेते, काय विसरते, कुठल्या कागदासाठी परत येते, हे त्या सांगतील. तुमची निम्मी पटकथा तिथेच मिळेल. फक्त एक पथ्य: कुणा एकीची गोष्ट जशीच्या तशी उचलू नका.

हे वास्तववादी वळण तुम्हाला नको असेल आणि खरंच स्वप्नासारखं, कोंदट वातावरणच हवं असेल, तर मग लग्राँ सोडा आणि ल्यूसिल हाजिहालिलोविच पाहा. तिची 1996 ची 'ला बूश द झाँ-पिएर' बावन्न मिनिटांची आहे: आईने आत्महत्येचा प्रयत्न केल्यावर मावशीच्या फ्लॅटवर राहायला आलेली लहान मुलगी आणि मावशीचा मित्र. तिथे रंग, चौकट, मुलीच्या उंचीवरून दिसणारं मोठ्यांचं जग यांतूनच घाबरायला होतं. आणि जवळजवळ न बोलता ताण कसा धरायचा हे बघायचं असेल तर रोबेर आँरिकोची 1962 ची 'ला रिव्हिएर द्यु इबू', जिला कान महोत्सवात लघुपटाचा पाम द'ओर, म्हणजे तिथला सर्वोच्च पुरस्कार, आणि पुढे ऑस्करही मिळालं. पण तुमच्या विषयाला माझं मत लग्राँलाच. हाजिहालिलोविचची नक्कल करणं फार सोपं वाटतं आणि नव्व्याण्णव टक्के वेळा नुसता पिवळा-हिरवा रंग हाती लागतो.

आता लेन्स. लग्राँच्या लघुपटाचं छायाचित्रण नाताली द्युराँचं आहे. कॅमेरा मिरियामच्या बरोबर चालतो, तिच्यापेक्षा जास्त काही जाणत नाही आणि कुठेही 'बघा, आता घाबरा' असं म्हणत नाही. तुमच्या फ्लॅटच्या खोल्या लहान असतील तर वाइड लेन्सचा मोह होईल, पण चेहरे ताणले जातात आणि घर उगाच मोठं दिसतं. शक्य असेल तिथे दारातून, पॅसेजमधून, जरा लांबून साध्या लेन्सवर घ्या. चौकटीत दार राहिलं की पलीकडचा प्रश्नही राहतो. उजेड कमी करू नका. पुण्या-मुंबईच्या फ्लॅटमध्ये रात्री पांढरा एलईडी लख्ख जळत असतो, तोच ठेवा.

शेवटी, नव्याने काही शूट करण्याआधी एवढं करा. रफ कटवरून संगीत पूर्ण काढा. कागदावर तीन रकाने आखा आणि प्रत्येक सीनपुढे लिहा: या क्षणी प्रेक्षकाला काय माहीत आहे, बायकोला काय, नवऱ्याला काय. ज्या सीनमध्ये तिन्ही रकान्यांत काहीच बदलत नाही तो सीन आधी बाहेर काढून ठेवा, मग बघा त्याच्यावाचून काही अडतं का. नवा कट आणि ती यादी पाठवलीत तर कुठे ओढायचं आणि कुठे सोडायचं ते मिनिटासकट सांगता येईल.